चेन बोलून रायली!

संपादकांनी यंदाच्या अंकाला ‘झीज’ हा विषय दिला. नात्यांची, भाषेची, नदीकाठांची झीज इतर मंडळी लिहितीलच. मला मोजपट्टीवर दिसेल अशी झीज पाहायची होती. म्हणून चंद्रपूर आणि गडचिरोली जिल्ह्यांतल्या गॅरेजांकडे वळलो. पडोली चौक, मूल रोड, पुढे गडचिरोली, आष्टी, आलापल्ली. या पट्ट्यात रेल्वेचा आधार थोडा. गडचिरोली जिल्हा १९८२ साली झाला, क्षेत्रफळाने अवाढव्य, बहुतांश जंगलाखाली, आणि रेल्वे आहे ती उत्तरेच्या टोकाला वडशाला. बाकी दवाखाना, कोर्ट, परीक्षा, लग्न, सगळं चार चाकांवर. आलापल्ली ते सिरोंचा हे सुमारे १०० किलोमीटरचं अंतर. त्या वाटेवर इंजिन बंद पडलं तर मोबाइलला रेंज मिळेलच असं नाही, आणि ओढून न्यायला बहुधा ट्रॅक्टरच शोधावा लागतो.

अशा ठिकाणी इंजिनाचा आवाज ओळखता येणं ही चैन नसते. मी ज्या झिजेच्या मागे होतो ती डोळ्यांना दिसायच्या आधी कानाला कळते. ती टायमिंग चेनची झीज.

गाडी रात्रीच सोडा

मूल रोडवरच्या एका मिस्त्रींनी गाडीमालकाला बजावून सांगितलं होतं, “गाडी रात्रीच सोडा जी. गरम इंजिन काई सांगत नाई.” त्यामुळे पांढरी डिझेल टॅक्सी रात्रभर त्यांच्या पत्र्याच्या शेडखाली उभी होती. सकाळी मिस्त्री आले. त्यांनी आधी बॉनेटवर हात ठेवून गाडी खरंच थंड आहे ना याची खात्री केली, बॉनेट उघडलं, शेजारच्या कॉम्प्रेसरचं बटण बंद करायला लावलं आणि पोराला किल्ली फिरवायला सांगितली.

इंजिन पेटताच एका बाजूने खर्रर्र असा कोरडा, लोखंडी आवाज आला. फार तर दोन-तीन सेकंद. मग तो विरला आणि नेहमीची डिझेलची घरघर उरली.

“आयकलं का भाऊ? चेन बोलून रायली.”

गाडीमालक रोज सकाळी काचा लावून, एसीची कळ दाबून गाडी सुरू करणारा. त्याने हा आवाज आजवर ऐकलाच नव्हता. त्याची तक्रार वेगळी होती: गाडी चढाला ओढत नाही, डिझेल जास्त खाते, सकाळी दोनदा सेल मारावा लागतो. आधीच्या दोन ठिकाणी त्याने इंजेक्टर साफ करून घेतले, डिझेल फिल्टर बदलला. फरक पडला नाही.

त्यानंतर मिस्त्रींनी लांब स्क्रू ड्रायव्हर काढला. टोक इंजिनाच्या पुढच्या झाकणावर, मूठ कानाच्या मागच्या हाडाला. हा त्यांचा स्टेथोस्कोप. वर टप्पेटचा टिकटिक आवाज निराळा, आल्टरनेटरच्या बेअरिंगची शिटी निराळी, इंजेक्टरची ठकठक निराळी. आवाज नेमका झाकणाच्या आत, चेनच्या वाटेवर येतो का, हे स्क्रू ड्रायव्हरने कळतं. हे कान त्यांनी कमावले मोटारसायकलींवर. शंभर सीसीच्या इंजिनातही टायमिंग चेन असतेच, आणि ती खडखडायला लागली की खेड्यातलं पोरगंही ‘चेन वाजते’ म्हणून सांगतं. मोटारीत तोच आवाज जाड झाकणाआड आणि एसीच्या सुखात दडतो, एवढाच फरक.

कडीगणिक केसभर

इंजिनात खाली क्रँकशाफ्ट, वर कॅमशाफ्ट. क्रँक पिस्टनला वर-खाली नाचवतो, कॅम व्हॉल्व्ह उघडतो-मिटतो. क्रँकचे दोन फेरे झाले की कॅमचा एक झाला पाहिजे, ना कमी ना जास्त. हा दोघांमधला करार सांभाळते ती टायमिंग चेन. इंजिन मिनिटाला ३००० फेरे घेत असेल तर क्रँक सेकंदाला ५० वेळा फिरतो आणि कॅम २५ वेळा. बऱ्याच आधुनिक इंजिनांत उघडलेला व्हॉल्व्ह जिथे उतरतो त्याच जागी पिस्टनही वर येतो. दोघांची जागा एक, वेळ वेगळी. वेळ चुकली तर लोखंडावर लोखंड आदळतं, व्हॉल्व्ह वाकतात, कधी पिस्टनला भोक पडतं. मिस्त्रींच्या भाषेत ‘इंजिन कामाला आलं’.

मारुती ८००, ओम्नी, जुनी डिझेल इंडिका यांच्यात हे काम रबरी पट्टा करत असे. पट्टा ठरलेल्या किलोमीटरला बदलायचा असतो, हे निदान पुस्तिकेत लिहिलेलं होतं. बदलला नाही तर तो न सांगता-सवरता तुटे. चेन आली तशी ही ओळ पुस्तिकेतून गेली. चेनला बदलण्याची मुदतच बहुधा दिलेली नसते. ती इंजिनाच्या आयुष्याएवढी टिकते असं गृहीत धरलेलं असतं. शोरूममध्ये विक्रेता ‘चेन आहे, मेंटेनन्स नाही’ म्हणतो, तो याच आधारावर.

चेन झिजते म्हणजे नेमकं काय होतं? तिची पोलादी पट्टी ताणून लांब होत नाही. प्रत्येक कडीत एक पिन आणि तिच्याभोवती एक नळी असते. हान्स रेनोल्डने १८८० मध्ये मँचेस्टरला ज्या बुश-रोलर चेनचं पेटंट घेतलं, तिचा सांगाडा आजही तोच आहे. कडी चक्रावर चढताना आणि उतरताना पिन नळीत किंचित वळते. तेलाचा पापुद्रा मध्ये असेल तोवर ठीक. तो फाटला, किंवा तेलातच कचकच असेल, तर पिन आणि नळी दोघी झिजतात. एका सांध्यात शतांश-दोन शतांश मिलिमीटर म्हणजे काहीच नाही. पण समजा चेनला १३० कड्या आहेत आणि दर सांध्याला ०.०२ मिलिमीटर झीज आहे. तर आख्खी चेन २.६ मिलिमीटरने लांबली. तेवढ्याने कॅम मागे पडतो आणि गाडीच्या कॉम्प्युटरला हिशेब जुळेनासा होतो.

ही ढील पोटात घेण्यासाठी टेन्शनर असतो. त्याच्या आत एक दट्ट्या. इंजिन ऑइलचा दाब आणि स्प्रिंग मिळून तो दट्ट्या प्लॅस्टिकच्या पट्टीला रेटतात आणि पट्टी चेनला. चेन जितकी लांबेल तितका दट्ट्या बाहेर. टेन्शनर निमूटपणे हे करत राहतो, म्हणून सुरुवातीची सगळी झीज मालकाला कळतच नाही. गाडी रात्रभर उभी राहिली की टेन्शनरमधलं तेल उतरतं, सकाळी दाब बनेपर्यंतच्या क्षणभरात सैल चेन पट्ट्यांवर आणि झाकणावर आपटते. तोच तो खर्रर्र.

दुपदरी ट्रॅक्स, एकपदरी टॅक्सी

आलापल्लीत एका वयस्क मिस्त्रींनी मला काळी-पिवळी ट्रॅक्सचे दिवस सांगितले. आठ-दहाची गाडी, माणसं त्याच्या दुप्पट, टपावर तांदळाची पोती, तरी चेनची कटकट नाही. यात जुन्या दिवसांचं कौतुक थोडं असेल. पण तांत्रिक कारणही पक्कं आहे. पुण्याच्या बजाज टेम्पोने, म्हणजे आजच्या फोर्स मोटर्सने, ट्रॅक्समध्ये वापरलं ते इंजिन मर्सिडीजच्या ओएम ६१६ या घराण्यातलं. त्याची टायमिंग चेन दुपदरी, सायकलच्या दोन चेन शेजारी-शेजारी जोडाव्यात तशी. भार दोन रांगांत वाटला जाई, आणि इंजिन फिरे सावकाश.

त्या इंजिनाची चेन बदलायची रीतही झकास होती. इंजिन उघडायचंच नाही. वरचं झाकण काढून जुन्या चेनची एक कडी तोडायची, तिच्या टोकाला नवी चेन अडकवायची. एकाने क्रँक पान्ह्याने हळूहळू फिरवायचा, दुसऱ्याने दोन्ही टोकं ताणून धरायची. जुनी चेन बाहेर येत जाते, नवी आत जाते. शेवटी नवी कडी रिव्हेट करायची. हात सुटला तर चेन आत पडते आणि मग सगळंच उघडावं लागतं. झीजही अंशांत मोजायची: कॅमची खूण जुळवायची आणि खाली पुलीवर किती अंशांचा फरक पडला ते वाचायचं. फरक थोडा असेल तर कॅमच्या चक्राला तिरकी चावी बसवून वेळ पुन्हा जुळवता येई. नव्या इंजिनांत अशी सोय सापडत नाही.

दुपदरी चेन गेली कारण ती जड, आवाजी, आणि इंजिनाला लांबी देणारी. लहान गाडीला इंधनाची बचत हवी, बॉनेट आखूड हवं. त्यातून आलेलं आपल्याकडचं ठळक उदाहरण म्हणजे फियाटचं १.३ लिटरचं मल्टिजेट डिझेल. १२४८ सीसी, २००५ मध्ये आपल्या गटात ‘इंटरनॅशनल इंजिन ऑफ द इयर’. ते पुण्याजवळ रांजणगावला तयार होई. फियाटच्या पुंटो-लिनियात, टाटांच्या इंडिका व्हिस्टा आणि मांझात ते होतंच. मारुतीने मानेसरला बनवून २००७ पासून स्विफ्टमध्ये आणि पुढे डिझायर, अर्टिगातही हेच घराणं घातलं. बीएस-६ आल्यावर २०२० मध्ये मारुतीची डिझेल थांबली. गाड्या मात्र थांबल्या नाहीत. शहरांत दोन-तीन हात बदललेल्या त्या डिझायर आणि अर्टिगा आज इथे टॅक्सीवर आहेत, मीटर लाखांत.

या इंजिनाची चेन एकपदरी, सडसडीत. तेल वेळेवर बदललं तर ती उत्तम चालते. तेलात हयगय झाली तर तीच सर्वांत आधी ओरडते. मारुतीच्या के मालिकेतल्या पेट्रोल इंजिनांतही चेनच आहे, आणि पेट्रोलमध्ये काजळी कमी असल्याने ती जरा सोशीक. झिजणाऱ्या चेनचं दुखणं केवळ स्वस्त गाड्यांचं आहे, असं कुणी समजू नये. बीएमडब्ल्यूच्या एन ४७ डिझेलमध्ये चेन इंजिनाच्या मागच्या बाजूला, गिअरबॉक्सकडे आहे. तिथे हात पोचवायला आख्खं इंजिन उतरवावं लागतं. त्या मानाने आलापल्लीचा टॅक्सीवाला सुखी.

सुरजागडच्या लोहखनिजाचे जे अजस्र ट्रक रस्त्याने सलग धावतात, त्यांना हा रोगच नाही. जड ट्रकच्या इंजिनांत क्रँक आणि कॅम यांच्यामध्ये सहसा दातेरी गिअर असतात. धूळ उडवतात ते, खातात मागून येणाऱ्या मोटारी.

मीटर काय सांगत नाही

पुस्तिकेत तेल बदलण्याचं अंतर किलोमीटरमध्ये असतं, बहुधा १०,००० किलोमीटर किंवा एक वर्ष. चेन मात्र किलोमीटर मोजत नाही, फेरे मोजते. एक गाडी नागपूर रस्त्यावर टॉप गिअरमध्ये ताशी ६० ने जाते. इंजिन मिनिटाला साधारण दीड हजार फेरे घेतं. दुसरी गाडी उखडलेल्या रस्त्यावर दुसऱ्या गिअरमध्ये ताशी २० ने जाते. इंजिन तिथेही दीड हजाराच्या आसपास. तासाभरात दोघींच्या चेन सारख्याच फिरल्या. मीटरवर एकीचे ६० किलोमीटर पडले, दुसरीचे २०. म्हणजे खराब रस्त्यावरच्या गाडीच्या १०,००० किलोमीटरमध्ये चांगल्या रस्त्यावरच्या ३०,००० ची मजुरी असते. त्यात भर म्हणजे उभ्या गाडीत एसी चालू ठेवून वाट पाहणं. चंद्रपूरच्या मे महिन्यात पारा ४५ च्या पुढे असतो. साहेब मीटिंगमध्ये आणि चालक एसीत, यात चालकाला तरी काय बोलणार? पण तासभर उभ्या इंजिनाचे ८०० च्या गतीने ४८,००० फेरे होतात आणि मीटरचा आकडा तसूभर हलत नाही. शिवाय तापलेलं तेल पातळ असतं, कमी गतीवर दाब कमी, टेन्शनरचा जोर कमी.

मग धूळ. घुग्घुस, बल्लारपूर, माजरीकडे कोळशाची. गडचांदूर, आवाळपूरकडे सिमेंटची. एटापल्ली-आलापल्ली पट्ट्यात खनिजाची लाल. कोळशाची काळी भुकटी दिसायला भयंकर असते; पण खरा वैरी आहे साध्या रस्त्याच्या मातीतली वाळू. तिच्यातलं क्वार्ट्झ पोलादावर ओरखडा काढण्याइतकं कठीण असतं. एअर फिल्टर ठीक असेल तर ती आत जात नाही. इथली सवय मात्र अशी, की फिल्टर काढायचा आणि पंक्चरवाल्याच्या हवेने आतून-बाहेरून फुंकायचा. जोराच्या हवेने कागदाला बारीक चिरा पडतात. फिल्टर स्वच्छ दिसतो, गाळत मात्र नाही. ती वाळू बोअरमार्गे तेलात आणि तेलातून चेनच्या सांध्यांत पोचते. डिझेलची काजळी आधीच तिथे असतेच.

आणखी एक स्थानिक संकट म्हणजे धक्का. बॅटरी उतरली की चार माणसं जमतात, गाडी ढकलतात, चालक क्लच सोडतो. अशा वेळी टेन्शनरमध्ये तेलाचा दाब शून्य असतो. झिजलेल्या चेनला त्या झटक्यात एखादा दात ओलांडायला पुरेशी मोकळीक मिळते. पुढच्या गिअरमध्ये ठेवून गाडी मागे ढकलली तर त्याहून वाईट, कारण इंजिन उलटं फिरतं आणि चेनची ताठ बाजू सैल पडते. ज्या गाडीची चेन बोलते तिला धक्का देऊ नये; दुसऱ्या गाडीच्या बॅटरीवरून केबल जोडावी.

उघडायचं की थांबायचं

सकाळचा आवाज आला म्हणजे लगेच इंजिन उघडा, असं चांगला मिस्त्री सांगत नाही. मूल रोडच्या मिस्त्रींनीही आधी ऑइलचा फिल्टर काढून पाहिला. खऱ्या फिल्टरमध्ये एक रबरी पडदा असतो, जो इंजिन बंद झाल्यावर तेल खाली ओघळू देत नाही. नकली फिल्टरमध्ये तो निकृष्ट असतो किंवा नसतोच. मग रोज सकाळी तेल वर चढायला वेळ लागतो आणि चांगली चेनही खडखडते. म्हणून पहिला उपाय स्वस्त आहे: पुस्तिकेत दिलेल्या दर्जाचं तेल, अस्सल फिल्टर, आणि आठवडाभर सकाळी कान. आवाज गेला तर चेन वाचली.

गेला नाही, किंवा गरम इंजिनातही मंद गतीवर येऊ लागला, तर स्कॅनर लावायचा. पी ००१६ किंवा पी ००१७ हे कोड सांगतात की क्रँक आणि कॅमच्या सेन्सरांचं आपसात जुळत नाही. कोड आला की काही जण सेन्सर बदलून मोकळे होतात. सेन्सर बिचारा खरं बोलत असतो. तेल काढताना त्यात चमकणारा धातूचा चुरा किंवा प्लॅस्टिकचे तपकिरी तुकडे दिसले, तर मात्र गाडी तिथून हलवू नये. ते तुकडे चेनच्या पट्ट्यांचे असतात.

त्या टॅक्सीचा स्कॅनरवर कोड आला. वरचं कव्हर काढल्यावर चेन बोटाने दाबली जात होती आणि टेन्शनरचा दट्ट्या जवळपास टोकापर्यंत बाहेर आलेला. यापुढे ताण घ्यायला त्याच्याकडे जागा उरली नव्हती. निर्णय झाला. सामान नागपूरहून ट्रॅव्हल्सने मागवलं.

काम उघडणीचं. उजवं चाक, इंजिनाचं एक माउंटिंग, पट्टा, क्रँकची पुली, खालचं चेंबर, मग पुढचं झाकण. आत दोन्ही पट्ट्यांवर चेनने खोल चर पाडलेले. चेंबर खाली घेतल्यावर मिस्त्रींनी सर्वांत आधी तेल ओढणारी जाळी पाहिली. तिथे प्लॅस्टिकचे कण अडकले होते. ही जाळी साफ न करता नवी चेन बसवली तर पंपाला तेलच मिळत नाही, आणि नवीही काही दिवसांत जाते.

मालकाने विचारलंच, “फक्त चेन टाकली तर नाही चालणार का?” हा प्रश्न प्रत्येक गॅरेजात विचारला जातो. उत्तर ‘नाही’ असंच आहे. जुन्या चेनने चक्रांचे दात आपल्या लांबलेल्या मापाला घासून घेतलेले असतात. नवी, अचूक मापाची चेन त्या दातांवर बसवली की ती वेगाने झिजते. म्हणून किट पूर्ण घ्यायचं: चेन, दोन्ही चक्रं, पट्ट्या, टेन्शनर, पुढचं ऑइल सील.

बसवताना क्रँक आणि कॅम लॉक करायचे, चेनच्या रंगीत कड्या चक्रांच्या खुणांवर आणायच्या. टेन्शनरची पिन ओढून काढायची. ही पिन आत विसरली तर टेन्शनर कामच करत नाही, आणि घाईच्या गॅरेजात ती विसरली जाते. मग पान्ह्याने क्रँक हाताने पूर्ण दोन फेरे फिरवायचा, कारण क्रँकच्या दोन फेऱ्यांत कॅमचा एक होतो, आणि खुणा परत जिथल्या तिथे आल्या पाहिजेत. कुठे अडलं तर जोर करायचा नाही, मागे यायचं. मिस्त्रींनी हे दोन फेरे इतक्या सावकाश फिरवले की मालक चुळबुळायला लागला. शेवटी इंजिन पेटू न देता थोडा सेल मारून तेलाचा दाब बनवला आणि मगच गाडी सुरू केली.

खर्च जड असतो, हे खरं. पण दात सुटल्यावर हेड उतरवणं, व्हॉल्व्ह, गाईड, कदाचित पिस्टन, हा खर्च त्याच्या कित्येक पट जातो. आणि तो प्रसंग भामरागडच्या वाटेवर आला तर वर ट्रॅक्टरचं भाडं.

बाटलीवरची दोन अक्षरं

टायमिंग चेन झिजण्याचा प्रश्न जगभर इतका वाढला, की तेलाच्या प्रमाणपत्रातच त्याची चाचणी आली. मे २०२० पासून पेट्रोल इंजिनांच्या तेलांसाठी ‘एपीआय एसपी’ हा दर्जा लागू झाला, आणि त्यात चेनची झीज मोजणारी स्वतंत्र परीक्षा आहे. त्याआधीच्या ‘एसएन’मध्ये ती नव्हती. पेट्रोल गाडी असेल तर डब्याच्या मागच्या बाजूला ‘एसपी’ किंवा त्यानंतरच्या दर्जाची अक्षरं शोधावीत. डिझेलवाल्यांनी पुस्तिकेतला एसीईएचा दर्जा आणि घट्टपणाचा आकडा पाहावा. ‘उन्हाळा आहे, जाड तेल टाका’ हा सल्ला जुन्या जीपच्या काळातला. ५डब्ल्यू-३० मागणाऱ्या इंजिनात २०डब्ल्यू-५० घातलं तर सकाळी ते टेन्शनरपर्यंत उशिरा पोचतं, आणि आपण ज्या आवाजाला घाबरतो तोच आवाज लांबतो.

या दोन जिल्ह्यांत, आणि जिथे रस्ता उखडलेला आहे त्या प्रत्येक ठिकाणी, १०,००० चा आकडा विसरून ५,००० किलोमीटरला तेल आणि फिल्टर बदलावा, एअर फिल्टर फुंकण्याऐवजी नवा घ्यावा, असं माझं स्पष्ट मत आहे. सगळे चांगले मिस्त्री हेच सांगत होते आणि यात त्यांचा फायदा नाही. तेलबदलात मजुरी थोडी, इंजिन उघडण्यात भरपूर.

आणि दिवाळीच्या मुहूर्तावर जुनी डिझेल गाडी घेणार असाल तर पाहायला सकाळीच जा. विकणाऱ्याला आदल्या दिवशीच फोन करून सांगा, की मी येईपर्यंत गाडी सुरू करू नका. पोचल्यावर आधी बॉनेटला हात लावून बघा. ते कोमट लागलं, तर किमतीची बोलणी दुसऱ्या दिवसावर ढकला.